माझ्या पाठीवरचा खळगा

मित्रांनो, वर्गात एखाद्याला चटकन काही समजलं नाही की तुम्ही त्याला ठोकळा म्हणता, हे मला ठाऊक आहे. म्हणा बापडे. मी मात्र खराखुरा ठोकळा आहे, आणि तोही जुना. लांबीला दीड वीत, रुंदीला एक वीत, उंचीला चार बोटं. नाच शिकवणाऱ्या एका मास्तरांपुढे मी बेचाळीस वर्षं बसलो आणि त्यांनी एका लाकडी दांडीने मला बेचाळीस वर्षं बडवलं. त्यालाच ताल देणं म्हणतात. त्या ठोक्यावर शिकणाऱ्यांची पावलं पडायची. ठोका चुकला तर पाऊल चुकलं, आणि पाऊल चुकलं तर ओरडा पावलाला, मला नाही. तेवढं एक सुख.

आता मी दमलो आहे. अगदी आतून दमलो आहे. लाकूड दमतं का, असं विचारू नका. बेचाळीस वर्षं मार खाऊन बघा, मग बोलू. पण तुम्ही सगळे समोर बसला आहात, तर एकदाच सगळं सांगून टाकतो. मध्येच कुणी पाणी प्यायला उठू नका. पाण्याची गोष्ट पुढे येणारच आहे.

माझा जन्म सुताराच्या दुकानातला. कुणाच्या तरी घराला दाराची चौकट हवी होती. चौकट झाली आणि मी उरलो. माझे सख्खे भाऊ चौकटीत जाऊन ताठ उभे राहिले. मी भुशात आडवा. ना धड चौकट, ना धड सरपण. सुतार माझ्यावर पाय ठेवून दुसरी लाकडं कापायचा, त्याचा चहाचा पेलाही माझ्यावरच असायचा. मला वाटलं, झालं, आपला जन्म असाच जाणार.

एके दिवशी एक तरुण लंगडत दुकानात आला. लाकडाचा एक तुकडा हवा, म्हणाला. सुताराने विचारलं, कशासाठी? तर तो म्हणाला, मारण्यासाठी. सुताराने हातातली करवत हळूच मागे सरकवली.

मग खुलासा झाला. तो नर्तक होता. चांगला नावाजलेला. पण भर कार्यक्रमात गुडघा फिरला आणि डॉक्टरांनी सांगितलं की आता नाच विसरा. स्वतः नाचता येणार नव्हतं, म्हणून तो बसून शिकवणार होता. त्याने कोपऱ्यातला एकेक तुकडा उचलला, बोटाने टकटक केली, कान लावला आणि खाली ठेवला. अर्धा तास हेच. शेवटी मला उचललं, माझ्या पाठीवर कान टेकवला आणि म्हणाला, याचा आवाज पोटातून येतो. मित्रांनो, माझ्या आयुष्यातलं ते पहिलं कौतुक. तो कान मला अजून आठवतो. गरम होता.

त्या तरुणाला पुढे सगळे मास्तर म्हणायला लागले. मीही तेच म्हणतो.

शिंप्याच्या दुकानावर एक मोठी खोली होती. जमीन लाकडी फळ्यांची, एका भिंतीला आरसा, दोन खिडक्या. खालून सतत गरम इस्त्रीचा वास यायचा. तिथे आमचा वर्ग सुरू झाला. पहिल्या दिवशी तीन मुली आल्या, दुसऱ्या दिवशी दोनच राहिल्या. तिसरीला वाटलं होतं की नाच म्हणजे गिरक्या. मास्तरांनी तिला पाऊण तास नुसतं गुडघे वाकवून उभं केलं होतं.

पण हळूहळू खोली भरली. मास्तर पाय बघायचे, चेहरा नाही. एखादी नुसती जिन्यावरून वर आली तरी सांगायचे, ही आज घरी भांडून आली आहे. खरंच आलेली असायची. त्यांच्याकडे शिकलेल्या मुली मोठ्या रंगमंचांवर नाचल्या. एकदा वर्तमानपत्रात मास्तरांचा फोटो छापून आला. त्यात त्यांच्या कोपराखाली माझा एक कोपरा दिसतो. मानचिन्हं मिळाली ती काचेच्या कपाटात गेली, मी त्याच कपाटाखाली जमिनीवर. मी तक्रार केली नाही. कपाटातल्यांना कुणी हात लावत नव्हतं. माझ्याशिवाय मात्र सकाळ सुरू होत नव्हती. दांड्या किती आल्या आणि झिजून गेल्या, त्याची गणती नाही. मी एकटाच.

आणि मग माझ्या पाठीवर खळगा पडला. मास्तरांचा ठोका नेहमी एकाच जागी बसायचा, केसभरही इकडेतिकडे नाही. आधी नुसता डाग पडला, मग खड्डा, आणि दहाव्या वर्षापर्यंत अंगठा नेमका बसेल एवढी बशी तयार झाली. शिकवणी सुरू करण्याआधी मास्तर त्या खळग्यात अंगठा ठेवायचे, जरा थांबायचे, मग दांडी उचलायचे. आमची ती रामराम करायची पद्धत होती.

एक गोष्ट सांगायला नको वाटते, पण सांगतो. आमच्याकडे मृदंग वाजवणारे एक आजोबा यायचे. म्हातारे, हसरे, खिशात नेहमी शेंगदाणे. एका तालमीत ते दोनदा चुकले. त्यांना कमी ऐकू येऊ लागलं होतं. मास्तर सगळ्यांदेखत म्हणाले, "ज्याला ऐकू येत नाही, त्याने तालाला हात लावू नये." आजोबांनी मृदंगावर कापड घातलं, शेंगदाण्यांची पुडी खिडकीत ठेवली आणि जिना उतरून गेले. परत आले नाहीत. मास्तर त्यानंतर महिनाभर मला फार जोरात मारत होते. मी समजलो. पण माझ्या समजण्याचा कुणाला काय उपयोग?

मास्तरांना एक मुलगी. सगळे तिला ताई म्हणतात. ती याच खोलीत रांगली, माझ्याच शेजारी दुपटं पसरून झोपली. बारा वर्षांची असताना तिने एकदा दांडी उचलून मला एक ठोका दिला. छान बसला होता हो! पण मास्तर म्हणाले, खाली ठेव, ते खेळणं नाही. तिने ठेवली. त्याला अठ्ठावीस वर्षं झाली. एवढ्या वर्षांत ताईंनी हजेरी घेतली, वेळापत्रक सांभाळलं, लहान मुलींच्या वेण्या घातल्या, खोलीच्या किल्ल्या कमरेला लावल्या, पण दांडीला पुन्हा हात लावला नाही. मला तर फक्त केर काढताना सरकवायच्या. हे लक्षात ठेवा. पुढे जे घडलं त्याचं मूळ इथे आहे.

चार वर्षांपूर्वी मास्तरांनी झांजा सोडल्या. रंगमंचावर सगळे मास्तर ताल द्यायला छोट्या झांजा घेतात, वर्गात ठोकळा. आमचे मास्तर मलाच रंगमंचावर घेऊन बसू लागले. लोक म्हणाले, मनगट दुखत असेल. कुणी म्हणालं, म्हातारपणीचं खूळ.

खरं कारण मला माहीत होतं. झांजांचा किणकिणाट त्यांच्या कानापर्यंत पोहोचतच नव्हता. मग दाराची घंटा गेली, मग पाखरं गेली, मग माणसांचं बोलणं. मी मात्र राहिलो, कारण मी त्यांना कानाने ऐकू येत नव्हतोच. दांडी खळग्यात पडली की नेमकी उसळायची, आणि ती उसळी मनगटातून वर जायची. ठोका बसला की नाही, ते त्यांना हाडातून कळायचं. उरलेलं काम डोळे करायचे. मुलींचे पाय बघून त्यांना सगळं समजायचं.

बोलण्याचं काय? त्यावर त्यांनी एक युक्ती काढली होती. कुणी काहीही विचारलं की गंभीर चेहरा करून म्हणायचे, "पाय बोलू देत." मुलींना वाटायचं, केवढा खोल विचार! एकीने तर वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवलं. एकदा एका चिमुरडीने विचारलं, मास्तर, पाणी पिऊन येऊ? तर म्हणाले, पाय बोलू देत. बिचारी तासभर तहानलेली नाचली.

मला हसू यायचं आणि थकवाही यायचा. गुपित सांभाळणं मार खाण्यापेक्षा जड असतं.

त्यांची सगळ्यात हुशार शिष्या म्हणजे धडाम. हे तिचं नाव नाही, मास्तरांनीच ठेवलेलं टोपणनाव. सातव्या वर्षी आली, आता पंधरा वर्षांची आहे. पूर्वी तिचं पाऊल मांजरासारखं पडायचं. दोन वर्षांपूर्वी तिला अचानक काय झालं कोण जाणे, ती धाडधाड पाय आपटायला लागली. फळ्या हादरायच्या, खाली शिंप्याचा दिवा झोके घ्यायचा. शिंपी जिन्यात येऊन विचारायचा, मास्तर, वर घोडे बांधलेत का? मास्तर रोज तिला सांगायचे, धडाम, जमीन फोडू नकोस. ती मान डोलवायची आणि पुन्हा धडाम.

या वर्षी तिचा पहिला पूर्ण कार्यक्रम ठरला. दीड तास ती एकटी नाचणार, आणि मास्तर रंगमंचाच्या कडेला बसून ताल देणार. हा आपला शेवटचा कार्यक्रम, असं त्यांनी ठरवलं होतं. कुणाला सांगितलं नव्हतं. माझ्या खळग्यात अंगठा ठेवून एका सकाळी पुटपुटले होते, एवढा एक पार पडू दे, कुणाला कळायच्या आत आपण दोघे उठू.

आणि कार्यक्रमाला बारा दिवस असताना ताईंनी मला उचलून सुताराकडे नेलं.

त्यांचा हेतू चांगला होता, हे आधीच सांगतो. बाबांना भेट द्यायची, इतक्या लोकांसमोर ठोकळा असा कळकट कसा न्यायचा, असं त्यांना वाटलं. सुतार म्हणजे त्या पहिल्या सुताराचा मुलगा. त्याने मला उलटसुलट केलं आणि विचारलं, हा खळगा ठेवू का? ताई म्हणाल्या, छे हो, तोच तर वाईट दिसतो.

मित्रांनो, रंधा फिरताना दुखत नाही. पातळ पातळ सालं निघतात आणि गोल होऊन पडतात. मी बघत होतो, दहावं वर्ष पडलं, विसावं पडलं. मग पॉलिश, एक हात, दोन हात. माझ्यात ताईंचा चेहरा दिसायला लागला. खूश होता चेहरा.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी मला नव्या कापडात गुंडाळून मास्तरांपुढे ठेवलं. मास्तरांनी कापड सोडलं. ते हसले, ताईंकडे बघून मान डोलावली. आणि त्यांचा अंगठा माझ्या पाठीवर आला. थोडा डावीकडे सरकला. थोडा उजवीकडे. अंधारात माणूस दिव्याचं बटण शोधतो, तसा तो शोधत राहिला. मी काय करणार? माझ्याकडे द्यायला काहीच नव्हतं.

धडाम समोर उभी राहिली. मास्तरांनी दांडी उचलली. पहिला ठोका पॉलिशवरून घसरला. दुसरा कडेवर पडला. तिसरा बसलाच नाही, नुसती दांडी घासली गेली. त्यांच्या हाताला उसळी मिळत नव्हती, त्यामुळे ठोका झाला की नाही हेच त्यांना कळेना. ते अंदाजाने मारत राहिले, वेगाने, मग हळू, मग पुन्हा वेगाने. धडाम बिचारी तो ताल पकडायला धावत होती.

त्यांच्या पाठीमागे कपाटाजवळ उभ्या असलेल्या ताई म्हणाल्या, बाबा, थांबा जरा. मास्तर थांबले नाहीत. त्यांनी पुन्हा हाक मारली, मग तिसऱ्यांदा. शेवटी धडाम थांबली. पाय थांबलेले दिसले, तरी आणखी दोन ठोके पडले. मग खोलीत फक्त खालच्या शिलाई मशीनचा आवाज राहिला.

ताई पुढे आल्या. वैतागून म्हणाल्या, तीनदा हाक मारली, लक्ष कुठे आहे तुमचं? मास्तरांनी त्यांच्या ओठांकडे पाहिलं. मग नेहमीचा गंभीर चेहरा करायचा प्रयत्न केला.

"पाय बोलू देत," ते म्हणाले.

कुणी हसलं नाही.

धडाम त्यांच्या अगदी समोर येऊन मांडी घालून बसली. त्यांना ओठ नीट दिसतील अशी. "मास्तर, आता सांगून टाका ताईंना," ती म्हणाली. "मला दोन वर्षांपासून माहीत आहे."

मग तिनेच सगळं सांगितलं. त्या तहानलेल्या चिमुरडीवरून तिला शंका आली होती. खात्री करायला तिने एकदा मास्तरांसमोर वहीआड ओठ लपवून अगदी शांतपणे सांगून पाहिलं, मास्तर, खाली शिंप्याच्या दुकानाला आग लागली आहे. मास्तर म्हणाले होते, पाय बोलू देत. ती घरी गेली आणि तिला जेवण गेलं नाही. दुसऱ्या दिवसापासून ती पाय आपटून नाचायला लागली. फळ्यांमधून तरी मास्तरांपर्यंत पोहोचावं, म्हणून.

मी ऐकत होतो आणि मला माझीच लाज वाटली. मला वाटायचं, हे गुपित जगात मला एकट्याला माहीत आहे. दोन वर्षं तिची पावलं माझ्या खालच्या फळीला हाका मारत होती आणि मला कळलं नाही. ठोकळा तो ठोकळाच.

मास्तर म्हणाले, "त्या मृदंगवाल्याला मी याच खोलीतून घालवलं. आता स्वतःला कोणत्या तोंडाने ठेवून घेऊ?"

"तेव्हा चुकलात, मास्तर," धडाम म्हणाली. "आता तीच चूक परत कशाला करताय?"

मोठ्या माणसाशी असं बोलतात का, असं ताईंच्या चेहऱ्यावर आलं आणि गेलं. त्यांचा हात माझ्या पाठीवर होता. गुळगुळीत पाठीवर. त्यांनी वडिलांना खुणेने विचारलं, इथे काय होतं? मास्तरांनी ताईंचा अंगठा धरला आणि जिथे खळगा होता त्या जागी नेऊन टेकवला. ताईंच्या लक्षात आलं. त्या खाली बसल्या आणि पदराने पॉलिश घासू लागल्या, जणू ते घासून निघणार होतं.

रागावायला मला कुणी सापडेना. ताईंनी मला तासून आणलं, कारण त्यांना माझी पाठ माहीतच नव्हती. आणि माहीत नव्हती, कारण मास्तरांनी दांडी कधी त्यांच्या हाती दिली नव्हती. ज्याला आपण वस्तूजवळ येऊ देत नाही, त्याने प्रेम करायचं ठरवलं तर तो काय करणार? पॉलिशच करणार.

सुताराकडून नवा खळगा कोरून आणू, असं ताई म्हणाल्या. मास्तरांनी नको अशी मान हलवली. मग त्यांनी दांडी ताईंपुढे धरली. अठ्ठावीस वर्षांनी.

"धर," ते म्हणाले. "आणि घाबरू नकोस. याचा आवाज पोटातून येतो."

अकरा दिवस आम्ही तालीम केली. काचकागदाने घासून माझं पॉलिश उतरवलं, ते धडामने. ताई माझ्या एका बाजूला, मास्तर दुसऱ्या बाजूला. ताई ठोका द्यायच्या आणि मास्तर तळहात माझ्या अंगावर ठेवून तालाचे बोल म्हणायचे. ताईंचा हात आधी फार बिचकायचा. मारताना जणू माझी क्षमा मागायच्या. मास्तर डोळ्यांनी रागवायचे. दोघांचं दोनदा भांडण झालं, एकदा तर ताई किल्ल्या आपटून निघून गेल्या आणि जिन्यातून परत आल्या. पण आयुष्यात पहिल्यांदा मला मार आणि माया एकाच वेळी मिळत होती, म्हणून मी सहन केलं.

कार्यक्रमाच्या दिवशी मास्तरांनी गादी नाकारली. रंगमंचाच्या फळ्यांवर तसेच बसले, अनवाणी. सुरुवात छान झाली. पाऊण तासाने तो अवघड भाग आला, ज्यात लय दुप्पट होते. ताईंनी समोरची भरलेली सभा पाहिली आणि त्यांचा हात गारठला. एक ठोका उशिरा पडला. मला जाणवलं, मास्तरांच्या तळहातालाही जाणवलं. पण त्या क्षणी समोरून धडामचं पाऊल पडलं, असं की सगळा रंगमंच गुरगुरला. ते फळीतून आलं, माझ्या पोटातून गेलं, मास्तरांच्या हातात चढलं. त्यांनी पुढचा बोल अचूक उचलला, त्यांच्या आवाजावर ताईंचा हात परत जागेवर आला, आणि आम्ही चौघे पार झालो.

शिंपी पहिल्या रांगेत होता. नंतर म्हणाला, दोन वर्षं छतातून ऐकत होतो, आज ते पाय बघितले.

आता मास्तर आठवड्यातून तीन दिवस येतात. ताईंनी त्यांना कानाचं यंत्र आणून दिलं आहे. त्यात भांडी किंचाळतात म्हणे, त्यामुळे ते बहुतेक वेळा खिशातच असतं. मुलींनी पाणी प्यायला विचारलं की ते खिशाकडे बोट दाखवतात आणि मोठ्याने सांगा म्हणतात. मृदंगवाल्या आजोबांचं घर शोधायला ताई दोनदा जाऊन आल्या. घर आहे, आजोबा नाहीत. ती बातमी कळली तेव्हा मास्तर सबंध सकाळ माझ्यावर हात ठेवून बसून होते. त्या हाताचं ओझं मला अजून वाटतं. काही गोष्टींना उशीर होतो तो होतोच.

मित्रांनो, माझी एक विनंती आहे. तुमच्या घरात एखादी झिजलेली वस्तू असेल. आजोबांच्या खुर्चीचा हात, आईची सुरी, कुणाच्या तरी पेटीची कडी. ती साफ जरूर करा. पण आधी विचारा, इथे रोज कुणाचं बोट जातं? आणि तुम्ही मोठे झालात, तुमच्या हाताखाली एखादी वस्तू अशीच झिजली, तर ती कुणाला तरी हाताळू द्या. नुसती राखून ठेवू नका.

मी थकलो आहे, हे खरंच आहे. एखाद्या कोपऱ्यात भुशात जाऊन पडावं, असं पुष्कळदा वाटतं. पण परवा ताईंनी ताल देण्याआधी माझ्या पाठीवर अंगठा फिरवला आणि तो एका जागी जरा थांबला. जुन्या जागेपासून दोन बोटं डावीकडे. तिथे अजून खळगा नाही, नुसता एक डाग आहे.

डागाचा खळगा व्हायला दहा वर्षं लागतात. तेवढी काढेन म्हणतो.